क्रीडांगणाचा टीकाकार : बड कॉलिन्स

'टीका' हा शब्द अलीकडे फार बदनाम झाला आहे. अमक्यानें तमक्यावर टीका केली म्हटलें कीं, त्यानें दोष काढले, टोचून बोलला, एवढाच अर्थ सामान्य वाचक घेतो. परंतु ज्यांनीं जुन्या पद्धतीनें रघुवंशाचे दोन-चार सर्ग तरी वाचले असतील त्यांस ठाऊक आहे कीं, टीकाकार म्हणजे निंदक नव्हे. तो वाटाड्या होय. मल्लिनाथाचें बोट धरल्यावांचून कालिदासाच्या घरांत आमच्यापैकीं कितीकांचा प्रवेश झाला असता? त्या थोर पंडितानें आपल्या टीकेच्या आरंभीं वाचकास दोन अभिवचनें दिलीं आहेत. ज्यास आधार नाहीं असें कांहीं लिहावयाचें नाहीं, हें पहिलें. आणि ज्याची गरज नाहीं असें कांहीं बोलावयाचें नाहीं, हें दुसरें. हीं दोन्ही वचनें पाळणारा मनुष्य कोणत्याहि क्षेत्रांत विरळाच.

आज ज्या गृहस्थांचा परिचय आम्ही वाचकांस करून देणार आहों, त्यांचें नांव मल्लिनाथाशेजारीं पाहून कांहीं विद्वान मंडळी भुंवया उंचावतील. आर्थर वर्थ कॉलिन्स, ज्यांस सारें जग 'बड' याच नांवानें ओळखतें, हे अमेरिकेंतील वृत्तपत्रलेखक. त्यांचा विषय टेनिस; आणि पेहराव असा कीं, आमच्या आजोबांनीं त्यांस ओसरीवर सुद्धां बसूं दिलें नसतें! तथापि खेळ हाहि एक ग्रंथच आहे. खेळाडू तो रचितात, आणि जाणत्याच्या साह्यावांचून तो सामान्यांस दुर्बोध राहतो. टेनिसमधील पंधरा, तीस, चाळीस ही मोजदाद प्रथम ऐकणाऱ्या कोणत्या शहाण्या माणसास हा प्रश्न पडणार नाहीं कीं, तिसांत पंधरा मिळविले असतां चाळीस कसे होतात? अशा ठिकाणीं टीकाकार लागतो.

खेळाची ही मौखिक टीका फारशी जुनी नाहीं. इंग्लंडांत बी. बी. सी. नें १९२७ सालीं विंबल्डनच्या सामन्यांचें वर्णन रेडिओवरून प्रथम ऐकविलें, आणि १९३७ सालीं तेथील सामने टेलिव्हिजनवर प्रथम दाखविले. रेडिओवर बोलणाऱ्याचें काम संजयाचें होतें. धृतराष्ट्रास दिसत नव्हतें म्हणून संजयानें सारें रणांगण शब्दांनीं उभें करावयाचें. परंतु टेलिव्हिजन आला आणि धृतराष्ट्रास डोळे आले! मग संजयानें बोलावें तें काय? जें समोर दिसतें तेंच पुन्हां सांगणें हा कंटाळवाणा उद्योग. जें दिसत नाहीं तें सांगणें हीच खरी टीका. या पेचांतून ज्यांनीं स्वतःची वाट काढली त्यांत कॉलिन्स यांची गणना केली पाहिजे.

त्यांचा जन्म १७ जून १९२९ रोजीं ओहायो राज्यांतील लायमा या गांवीं झाला. बालपण त्याच राज्यांतील बेरीया या लहानशा गांवांत गेलें, आणि तेथीलच बाल्डविन-वॉलेस कॉलेजांतून ते पदवीधर झाले. लष्करांतील सेवा आटोपून पुढील शिक्षणासाठीं ते बोस्टन शहरीं आले, आणि विद्यापीठांत शिकत असतांनाच 'बोस्टन हेरल्ड' या दैनिकांत क्रीडावृत्तें लिहूं लागले. १९५९ ते १९६३ या काळांत ब्रँडाइस विद्यापीठांत ते टेनिसचे शिक्षकहि होते. १९६३ सालीं ते 'बोस्टन ग्लोब' या दैनिकांत गेले, आणि त्या पत्राशीं त्यांचा संबंध पुढें जवळ जवळ अर्धें शतक टिकला.

स्वतः ते चांगलें खेळत. १९६१ सालीं जॅनेट हॉप्स या खेळाडू बाईंच्या जोडीनें त्यांनीं छपराखालील क्रीडांगणावरचें मिश्र दुहेरीचें अमेरिकन अजिंक्यपदहि मिळविलें. पण विंबल्डनच्या विजेत्यांच्या पंक्तीस बसण्याइतका त्यांचा खेळ नव्हता, आणि तसा आव त्यांनीं कधीं आणला नाहीं. सुटीच्या दिवशीं चुकतमाकत खेळणाऱ्या सामान्य माणसास ते 'हॅकर' म्हणत आणि स्वतःस त्यांच्यांतलाच एक समजत. संगणकांत शिरणाऱ्या चोरांशीं या शब्दाचा येथें संबंध नाहीं; लाकूड तोडावें तशी रॅकेट चालविणारा तो 'हॅकर'. आमच्या मतें त्यांच्या सर्व यशाचें मूळ या एका गोष्टींत आहे. ते बोलत ते विजेत्यांच्या आसनावरून नव्हे, तर प्रेक्षकांच्या बांकावरून.

बोस्टनच्या उपनगरांत लाँगवुड क्रिकेट क्लब नांवाची एक जुनी संस्था आहे. नांव क्रिकेटचें, पण कीर्ति टेनिसची. डेव्हिस चषकाची पहिली लढत १९०० सालीं याच क्लबाच्या त्या वेळच्या मैदानावर झाली. १९६३ सालीं बोस्टनच्या सार्वजनिक टेलिव्हिजन केंद्रानें लाँगवुडचे सामने दाखविले तेव्हां वर्णनासाठीं कॉलिन्स यांस बसविलें. लेखकानें लिहावें आणि घोटीव आवाजाच्या माणसानें बोलावें, अशी त्या काळीं सामान्यतः कामाची वांटणी असे. वृत्तपत्राच्या कचेरींतून उठून टेलिव्हिजनच्या ध्वनिग्राहकापुढें जाऊन बसणारे जे पहिले क्रीडालेखक, त्यांपैकीं कॉलिन्स हे एक होत. मात्र तेथें जातांना त्यांनीं लेखणी खालीं ठेविली नाहीं. दुपारीं बोलावें आणि सायंकाळीं तोच सामना ग्लोबसाठीं लिहावा, असा त्यांचा क्रम राहिला.

त्या वेळचें टेनिस म्हणजे सोंवळ्यांतला खेळ होता. हौशी खेळाडू तेवढा शुद्ध. उघडपणें पैसे घेऊन खेळणारा धंदेवाईक ओंवळा, आणि त्यास मोठ्या स्पर्धांत पाऊल टाकण्याची बंदी. पडद्याआड मात्र हौशी म्हणविणारांसहि प्रवासखर्चाच्या नांवाखालीं पैसे पोंचत, आणि सारे जाणूनबुजून डोळे मिटून बसत. ऑस्ट्रेलियाच्या रॉड लेव्हर यांनीं १९६२ सालीं ऑस्ट्रेलिया, फ्रान्स, विंबल्डन आणि अमेरिका या चारहि ठिकाणचीं अजिंक्यपदें एका वर्षांत जिंकलीं. त्यानंतर ते धंदेवाईक झाले आणि त्याच चार स्पर्धांचीं दारें त्यांस पांच वर्षें बंद झालीं! अखेर १९६८ सालीं हें सोंवळें सुटलें आणि खुलें टेनिस सुरू झालें. लेव्हर परत आले, त्याच वर्षीं त्यांनीं विंबल्डन जिंकलें, आणि १९६९ सालीं पुन्हां चारहि अजिंक्यपदें मिळविलीं.

अमेरिकेची पहिली खुली स्पर्धा १९६८ सालीं आर्थर ॲश यांनीं जिंकली. ॲश हे कृष्णवर्णीय. व्हर्जिनिया राज्यांतील ज्या रिचमंड शहरांत ते वाढले तेथील गोऱ्यांच्या क्रीडांगणांवर त्यांस बालपणीं मज्जाव होता. अशा पुरुषानें अमेरिकेचें अजिंक्यपद घ्यावें, पण तो अद्यापि हौशी गणला जातो म्हणून पहिल्या बक्षिसाचे १४,००० डॉलर उपविजेत्या टॉम ऑक्कर यांस मिळावेत, असा विलक्षण प्रकार घडला. नुसता चेंडू पाहणारास यांतलें कांहींच दिसलें नसतें. हा सारा पालट कॉलिन्स यांनीं जवळून पाहिला. ग्लोबमध्यें लिहिला आणि १९६८ पासून सी. बी. एस. कंपनीच्या टेलिव्हिजनवरून अमेरिकन स्पर्धेच्या वेळीं सांगितला.

१९७२ सालीं ते एन. बी. सी. या कंपनीकडे गेले. पूर्वी विंबल्डनचा अंतिम सामना अमेरिकेंतील लोक मुद्रित करून मागाहून दाखविलेला पाहत. १९७९ सालीं बोर्ग आणि टॅनर यांचा अंतिम सामना एन. बी. सी. नें घडत असतांनाच दाखविला. लंडनला दुपारचे दोन वाजतात तेव्हां न्यूयॉर्कला सकाळचे नऊ आणि कॅलिफोर्नियांत सहा वाजलेले असतात. म्हणून या कार्यक्रमाचें नांवच 'ब्रेकफास्ट ॲट विंबल्डन', म्हणजे विंबल्डनची न्याहारी, असें पडलें. न्याहारीच्या वेळीं टेलिव्हिजनपुढें कोण बसतें? आजोबांपासून नातवापर्यंत सारें कुटुंब. त्यांत एखादा टेनिसचा दर्दी, तर दुसऱ्यानें जन्मांत रॅकेट धरलेली नसते. अशा श्रोत्यांपुढें बोलणें म्हणजे पहिलीचीं आणि मॅट्रिकचीं मुलें एकाच वर्गांत बसवून शिकविणें होय. आम्ही आयुष्यभर वर्गावर उभे राहिलों आहों. हें काम किती अवघड आहे तें आम्हांस विचारावें. सोपें करून सांगावें तर मोठीं मुलें जांभया देतात. कठीण सांगावें तर लहानगीं खिडकीबाहेर पाहूं लागतात.

एक उदाहरण देतों. टेनिसमध्यें दोघांचे सहा-सहा गेम झाले म्हणजे सेटाचा निकाल लावण्यासाठीं 'टाय-ब्रेक' खेळतात. त्यांत सात गुण आधीं मिळवावे लागतात, पण अंतर निदान दोन गुणांचें हवें. जेम्स व्हॅन ॲलन नांवाच्या गृहस्थांच्या खटपटीमुळें टाय-ब्रेकाची ही कल्पना १९७० सालीं अमेरिकन स्पर्धेंत आणि १९७१ सालीं विंबल्डनमध्यें आली. १९८० च्या विंबल्डनच्या अंतिम सामन्यांत बोर्ग आणि मॅकेन्रो यांच्या चौथ्या सेटांतील टाय-ब्रेक १८-१६ असा, म्हणजे तब्बल चौतीस गुण चालला. तो मॅकेन्रो यांनीं जिंकला, आणि पांचवा सेट ८-६ असा घेऊन सामना बोर्ग यांनीं जिंकला. ज्यास हा नियम ठाऊक नाहीं त्यास ते चौतीस गुण म्हणजे चेंडूची नुसती ये-जा. ज्यास ठाऊक आहे त्याचा श्वास प्रत्येक गुणास अडकतो. या दोघांमधलें अंतर बुजविणें हेंच समालोचकाचें काम.

कॉलिन्स यांनीं तें अंतर दोन साधनांनीं बुजविलें. लहानांसाठीं विनोद आणि मोठ्यांसाठीं इतिहास. खेळाडूंस नांवें ठेवण्यांत (चांगल्या अर्थानें!) त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. जर्मनीची स्टेफी ग्राफ हिचा उजव्या हाताचा फटका फार जबर. तिचें त्यांनीं 'फ्रॉयलाइन फोरहँड' असें नामकरण केलें. व्हीनस आणि सेरेना या विल्यम्स भगिनी त्यांच्या तोंडीं 'सिस्टर्स स्लेजहॅमर', म्हणजे घणाचे घाव घालणाऱ्या बहिणी, झाल्या. अनुप्रासाचा असा सोस संस्कृत कवींस परका नाहीं. आणि अशा नांवांत नुसता नाद नसून खेळाडूच्या खेळाचें मर्महि असे. ज्यानें तें नांव एकदां ऐकलें तो त्या खेळाडूस विसरत नसे.

सेट ६-० असा हरणें यास इंग्रजींत 'बेगल' म्हणतात. बेगल म्हणजे मध्यें भोंक असलेला, शून्याच्या आकाराचा एक पाव. हा शब्द खेळाडूंच्या थट्टेंतून निघाला, पण त्याचा प्रसार झाला कॉलिन्स यांच्या मुखानें. आमच्या वाचकांस यांत नवल वाटूं नये. आपल्याकडे फलंदाजास धांव निघाली नाहीं तर 'भोपळा फुटला नाहीं' असें म्हणतातच! बाळ ज. पंडित यांच्यासारख्यांनीं क्रिकेटचें वर्णन मराठींतून ऐकविलें तेव्हां घरांतल्या बायकामाणसांसहि खेळ आपलासा वाटला, तो अशाच शब्दांमुळें. खेळ परका असला तरी शब्द स्वयंपाकघरांतला असला म्हणजे तो खेळ घरांत येतो.

आतां त्या पेहरावाविषयीं. भडक रंगांच्या, फुलापानांच्या, चित्रविचित्र कापडाच्या विजारी हा कॉलिन्स यांचा बाणा होता. ठिकठिकाणच्या प्रवासांत मिळालेलें कापड आणून ते त्या शिवून घेत. पांढऱ्या वस्त्रांचा दंडक असलेल्या विंबल्डनसारख्या ठिकाणीं तो वेष उठून दिसे. कित्येकांस तो पोरकटपणा वाटला. आम्हांसहि साधा वेषच प्रिय आहे. परंतु कीर्तनकारहि पूर्वरंगांत गंभीर निरूपण करून उत्तररंगांत श्रोत्यांस हंसवितोच कीं नाहीं? विदूषकाचा वेष घेतलेला मनुष्य आंतून पंडित असूं शकतो, हें संस्कृत नाटकें वाचणारांस तरी नव्यानें सांगावयास नको.

इंग्लंडांतील परंपरा याच्या अगदीं उलट होती. बी. बी. सी. वर १९५१ पासून १९९१ पर्यंत टेलिव्हिजनवर विंबल्डनचें वर्णन करणारे डॅन मॅस्केल हे तिचे प्रतिनिधि. लहानपणीं लंडनच्या क्वीन्स क्लबांत चेंडू उचलणारा मुलगा म्हणून त्यांनीं सुरुवात केली, आणि १९२९ सालीं ते विंबल्डनच्या ऑल इंग्लंड क्लबाचे शिक्षक झाले. त्यांची ख्याति बोलण्याबद्दल जितकी, तितकीच न बोलण्याबद्दल. दीर्घ मौन, आणि एखादा अप्रतिम फटका पाहिला कीं 'ओः, आय् से!' हा एकच उद्गार. इंग्रज प्रेक्षकांस तेवढ्यानें भरून पावे. ज्यांचे कान या मौनास सरावले होते त्यांस कॉलिन्स यांची बडबड वाटली, यांत आश्चर्य नाहीं.

या दोहोंत श्रेष्ठ कोण? आमचें मत असें कीं, हा प्रश्नच चुकीचा आहे. मॅस्केल हे सूत्रकार, कॉलिन्स हे भाष्यकार. एक अर्धी मात्रा वांचविण्यांत आनंद मानणारा, दुसरा शंकासमाधान करीत करीत पुढें जाणारा. सूत्र जाणत्यांसाठीं असतें, भाष्य शिकणारांसाठीं. ज्या देशांत टेनिस घरोघरीं नव्यानेंच पोंचत होतें तेथें भाष्याची गरज अधिक होती. मात्र भाष्यास मुळाचा आधार पाहिजे. तो नसेल तर भाष्य म्हणजे नुसतें पाल्हाळ.

तो आधार कॉलिन्स यांच्यापाशीं किती भरभक्कम होता हें त्यांचे ग्रंथ पाहिल्यानें कळतें. १९७१ सालीं त्यांनीं रॉड लेव्हर यांच्या सहकार्यानें त्यांचें आत्मचरित्र सिद्ध केलें. १९८० सालीं झँडर हॉलंडर यांच्या समवेत टेनिसचा ज्ञानकोश संपादिला. १९८९ सालीं 'माय लाइफ विथ द प्रोज' हें स्वतःच्या आठवणींचें पुस्तक लिहिलें. कोणत्या सालीं कोण कोणाकडून किती गेमांनीं हरला, याची नोंद ठेवणें हें काम कारकुनी खरें. पण याच कारकुनीवर इतिहास उभा राहतो. ध्वनिग्राहकापुढें जो सहज विनोद वाटे त्याच्या मागें अशी रात्रींची मेहनत होती.

पुढें काळ पालटला. समालोचकाच्या आसनावर माजी विजेत्यांस बसविण्याची प्रथा बळावली. मॅकेन्रो हेहि टेलिव्हिजनवर बोलूं लागले. त्यांत गैर कांहीं नाहीं. ज्याच्या मनगटानें तो फटका मारला त्यास त्या फटक्याची वेदना ठाऊक असते. परंतु जो लढला तोच लढाई सांगूं शकतो असें मानणें हा मोठा भ्रम आहे. मल्लिनाथानें रघुवंश रचिला नाहीं; त्यानें तो समजावून दिला. दोन्ही शक्ति भिन्न आहेत, आणि एकीवांचून दुसरी लंगडी पडते.

२००७ सालीं, पस्तीस वर्षांच्या सेवेनंतर, एन. बी. सी. नें कॉलिन्स यांच्याशीं असलेला करार पुढें चालविला नाहीं. त्या वेळीं त्यांस अठ्ठ्याहत्तरावें वर्ष संपलें होतें. ही बातमी प्रसिद्ध झाली तीहि विंबल्डनच्याच दिवसांत. ज्या जागीं मनुष्यानें उमेदीचीं वर्षें घालविलीं ती जागा एके दिवशीं आपली राहत नाहीं, हा अनुभव नोकरी केलेल्या प्रत्येक गृहस्थास येतो. कोणी त्यानंतर खुर्चींत बसून जुने हिशेब उगाळीत राहतो. कॉलिन्स यांनीं तसें केलें नाहीं. आपण निवृत्त होत नाहीं असें त्यांनीं स्पष्ट सांगितलें, आणि त्याच वर्षीं ते ई. एस. पी. एन. या दुसऱ्या वाहिनीकडे गेले. एवढेंच नव्हे, तर पुढच्याच वर्षीं, २००८ सालीं, 'द बड कॉलिन्स हिस्टरी ऑफ टेनिस' हा त्यांचा बृहद्ग्रंथ प्रसिद्ध झाला. वर्षवार वृत्तांत, विजेत्यांच्या याद्या आणि खेळाडूंचीं चरित्रें यांनीं भरलेलें तें पुस्तक म्हणजे त्यांच्या आयुष्याची कमाई. आसन काढून घेतां येतें. अध्ययन काढून घेतां येत नाहीं.

मानसन्मान त्यांस मिळाले. न्यूपोर्ट येथील आंतरराष्ट्रीय टेनिस कीर्तिमंदिरांत १९९४ सालीं त्यांचा समावेश झाला. त्याच कीर्तिमंदिरांत २०२४ सालीं आपले विजय अमृतराज आणि लिएंडर पेस यांनाहि स्थान मिळालें. त्यांपैकीं अमृतराज यांचा आवाज समालोचक म्हणूनहि आमच्या वाचकांच्या परिचयाचा आहे. क्रीडापत्रकारितेबद्दलचा रेड स्मिथ पुरस्कार कॉलिन्स यांस १९९९ सालीं मिळाला. २०१५ सालीं न्यूयॉर्कच्या बिली जीन किंग टेनिस केंद्रांतील पत्रकारांच्या दालनास त्यांचें नांव देण्यांत आलें, आणि त्या समारंभास ते स्वतः उपस्थित होते. त्यानंतर थोड्याच महिन्यांनीं, ४ मार्च २०१६ रोजीं, ब्रुकलाइन येथें वयाच्या शहाऐंशीव्या वर्षीं त्यांचें देहावसान झालें. एखाद्या क्रीडांगणास विजेत्याचें नांव देतात हें आपण नेहमीं पाहतों. पण लिहिणाऱ्याचें नांव, आणि तेंहि पुढें लिहिणारांच्या दालनास, हा मान आम्हांस अधिक सुंदर वाटतो.

आमच्या वाचकांच्या घरीं बहुधा तीन पिढ्या एकत्र नांदतात, आणि टेलिव्हिजनपुढेंहि त्या एकत्रच बसतात. नातवंडांस खेळांतलें अधिक कळतें, आजोबांस जगांतलें अधिक कळतें, आणि पुष्कळदां दोघेहि आपापल्या जागीं गप्प बसतात. कॉलिन्स यांच्या चरित्रापासून घ्यावयाचा बोध हा कीं, जें आपणांस कळलें तें शेजारीं बसलेल्यास हंसतमुखानें सांगावें. आधार असेल तेंच सांगावें. आणि ऐकणारा लहान आहे म्हणून ज्ञान पातळ करूं नये, फक्त घांस लहान करावा. घरांत असा एक तरी टीकाकार असावा. मग विषय रघुवंश असो कीं टेनिस, तो विषय त्या घरांत परका राहणार नाहीं.